मैदानावर चालतो, मग खुर्चीवर का नाही?

फुटबॉल म्हटले की चाळीतल्या पोरांच्या भिंतीवर पेले असतो, मॅराडोना असतो, हल्लीच्या पोरांच्या भिंतीवर मेस्सी असतो. संघाच्या मॅनेजरचे चित्र भिंतीवर डकवलेले मी तरी कुठे पाहिले नाही. मैदानाच्या कडेला कोट घालून उभा राहणारा, हातवारे करणारा आणि संघ हरला की पहिला बळी जाणारा तो माणूस. गोल तो करीत नाही. पण कोण खेळणार, कोण बाकावर बसणार, कुणाला आणायचे, कुणाला वाट दाखवायची, हे सारे त्याच्या हातात. खेळाडू हा कामगार धरला तर मॅनेजर हा साहेब. आज या सदरात कामगाराचा साहेब झालेल्या एका माणसाची हकिकत सांगतो. नाव ख्रिस ह्यूटन. आपल्याकडे हे नाव फारसे कुणाला ठाऊक नाही, आणि इंग्लंडातही त्याचा मोठा गाजावाजा कधी झाला नाही. पण वाचकहो, नोकरी करणाऱ्या, नोकरी शोधणाऱ्या आणि बढतीच्या यादीकडे डोळे लावून बसलेल्या आपल्या घरांना पेलेपेक्षा हा माणूस जवळचा वाटेल, असे मला वाटते.

ख्रिसचा जन्म ११ डिसेंबर १९५८ चा, लंडनच्या पूर्व भागातला. पूर्व लंडन म्हणजे गोदी कामगारांची, कारखान्यांची, पोटासाठी बाहेरून आलेल्यांची वस्ती. वडील आफ्रिकेतल्या घाना देशाचे, लंडनमध्ये पोस्टमन. आई आयर्लंडची. त्या काळी लंडनमध्ये भाड्याच्या खोल्यांवर काळ्यांना जागा नाही, आयरिश लोकांना जागा नाही, अशा पाट्या असत, हे त्या पिढीच्या कितीतरी लोकांनी सांगून ठेवले आहे. या पोराचे आईबाप म्हणजे त्या पाटीच्या दोन्ही ओळी! घर भाड्याने पाहायला गेल्यावर आधी आडनाव विचारले जाते तेव्हा काय वाटते, हे ज्यांना ठाऊक आहे त्यांना यावर अधिक काही सांगायला नको.

पोर चेंडूत हुशार. टॉटनहॅम हॉटस्पर हा लंडनचा नामांकित क्लब. त्याच्या मुलांच्या संघात ख्रिस तेराव्या वर्षीच जाऊ लागला. आता खरी गंमत पुढे आहे. एवढ्या मोठ्या क्लबने हेरलेले पोर शाळा संपल्यावर चेंडूमागेच धावेल असे कुणालाही वाटेल. ख्रिसने मात्र लिफ्टच्या कामाची अप्रेंटिसशिप धरली. दिवसा लिफ्टच्या खोबणीत ग्रीस आणि तारा, आणि सवड काढून टॉटनहॅमचा सराव. १९७७ ते १९७९ अशी दोन वर्षे तो क्लबकडे अर्धवेळ खेळाडू म्हणून होता. हातात कसब आल्यावर, विसाव्या वर्षी त्याने पूर्णवेळ करार केला. आपल्या घरात आयटीआयला जाणारा मुलगा क्रिकेटचे नाव काढतो तेव्हा बाप ओरडतो आणि आई मध्ये पडते. अशा बापांनी आणि अशा मुलांनी, दोघांनीही ही दोन वर्षे जरूर वाचावीत. ज्या खेळात शंभरातली दोन-चार पोरे टिकतात आणि पाय मोडला की उद्याची भाकरी जाते, तिथे हातात दुसरा धंदा असणे याला भित्रेपणा म्हणत नाहीत.

खेळाडू म्हणून तो फुलबॅक, म्हणजे कडेचा बचावपटू. डावी बाजू द्या, उजवी द्या, तो खेळे. हे काम दिखाऊ नव्हे. समोरचा वेगवान गडी अडवायचा, चेंडू काढून घ्यायचा, पुढे धाव घेऊन आपल्या माणसाला द्यायचा आणि पुन्हा मागे पळत यायचे. टॉटनहॅमकडून त्याने चारशेच्या जवळपास सामने खेळले. १९८१ आणि १९८२ अशी लागोपाठ दोन वर्षे एफ. ए. कप आणि १९८४ साली युरोपातला यूएफा कप जिंकणाऱ्या संघात तो होता. पुढे १९९० मध्ये वेस्ट हॅमला आणि १९९२ मध्ये ब्रेंटफर्डला गेला. त्याच्या असण्याच्या वर्षांत हे दोन्ही संघ वरच्या श्रेणीत चढले. १९९३ मध्ये गुडघ्याने दगा दिला आणि खेळणे थांबले.

हा काळ कसा होता? इंग्लंडच्या मैदानांवर काळ्या खेळाडूच्या पायाशी चेंडू आला की हजारो माणसे माकडाचा आवाज काढीत. केळी फेकीत. मैदानाच्या दाराशी वंशद्वेषी पक्षाची पत्रके उघड विकली जात. १९७८ च्या नोव्हेंबरात व्हिव्ह अँडरसन हा पहिला काळा खेळाडू इंग्लंडच्या मोठ्या संघात आला. दुसऱ्याच वर्षी, ऑक्टोबर १९७९ मध्ये, आपला ख्रिस आईच्या देशाकडून, आयर्लंडकडून खेळला. मिश्र वंशाचा पहिला आयरिश खेळाडू तो. आयर्लंडकडून तो ५३ सामने खेळला. १९८८ च्या युरोपीय स्पर्धेत आयर्लंडने स्टुटगार्टला इंग्लंडचा १-० असा पराभव केला, त्या संघात ख्रिस होता. आयर्लंडची ती पहिलीच मोठी स्पर्धा, आणि मॅनेजर होते जॅक चार्ल्टन, स्वतः इंग्लंडचे, कोळसा खाणीतल्या कामगाराचे चिरंजीव. आयर्लंडात त्या दिवसाची आठवण अजून निघते.

आणखी एक गोष्ट, जी क्रीडापानांवर क्वचितच छापली जाते. हा माणूस ऐन खेळण्याच्या दिवसांत एका डाव्या कामगार पक्षाच्या वृत्तपत्रात सदर लिहीत असे. चेंडू मारणाऱ्या पोराने डोके चालवू नये, असा जो सर्वांचा आग्रह असतो, तो त्याने तेव्हाच बाजूला ठेवला होता.

खेळणे संपल्यावर टॉटनहॅमने त्याला प्रशिक्षक म्हणून परत बोलावले. तेव्हा मॅनेजर होते त्याचेच जुने सहकारी, अर्जेंटिनाचे आर्दिलेस. इथून पुढे आपणही 'तो' न म्हणता 'ते' म्हणू या. ह्यूटन यांनी तिथे चौदा वर्षे काढली. आधी तरुण खेळाडू, मग राखीव संघ, मग मुख्य संघाचे प्रशिक्षक. या चौदा वर्षांत टॉटनहॅमने सात कायम मॅनेजर पाहिले. अर्जेंटिनाचा, इंग्लंडचा, स्वित्झर्लंडचा, स्कॉटलंडचा, पुन्हा इंग्लंडचा, फ्रान्सचा आणि हॉलंडचा. साहेब येत होते आणि जात होते. खेळाडूंना कवायत देणारे, त्यांचे दुखणेखुपणे ओळखणारे ह्यूटन तिथेच होते. सात वेळा खुर्ची रिकामी झाली. सात वेळा ती दुसऱ्याच कुणाला मिळाली. चौदा वर्षे घर सांभाळणाऱ्या माणसाला किल्ली काही मिळाली नाही. ऑक्टोबर २००७ मध्ये हॉलंडच्या मार्टिन योल यांना काढले. एका युरोपीय सामन्याचा खेळ चालू असतानाच ही बातमी प्रेक्षकांत पसरली होती. योल यांच्याबरोबर ह्यूटन यांचीही नोकरी गेली.

याच क्लबात त्यांच्या सत्तर वर्षे आधी वॉल्टर टल नावाचा काळा खेळाडू होऊन गेला. आजोबा गुलाम, बाप सुतार, स्वतः अनाथाश्रमात वाढलेला. पहिल्या महायुद्धात तो सैन्यात गेला. युरोपीय वंशाचा नसलेल्या माणसाला अधिकारी करू नये, असा ब्रिटिश लष्कराचा तेव्हाचा नियम होता. शिपाई म्हणून मरायला हरकत नव्हती. तरीही १९१७ साली टलला अधिकारी करावे लागले, आणि मार्च १९१८ मध्ये तो लढाईत पडला. ती गोष्ट मोठी आहे, पुढल्या एखाद्या अंकात सविस्तर लिहीन. इथे सांगायचे ते एवढेच की लष्कराने कागदावर लिहिलेला नियम फुटबॉलने न लिहिता पाळला. मैदानावर काळे पाय चालतात, नव्हे, हवेच असतात. खुर्चीत काळा माणूस मात्र डोळ्यांना खुपतो. इंग्लंडच्या लीगमधला पहिला काळा मॅनेजर टोनी कॉलिन्स. १९६० साली रॉचडेल या चौथ्या श्रेणीतल्या छोट्या क्लबने त्यांना नेमले आणि त्यांनी १९६२ मध्ये तो संघ लीग कपच्या अंतिम सामन्यापर्यंत नेला. एवढे करून दाखवल्यावर रांग लागायला हवी होती. लागली नाही. २०२२ च्या एका अहवालानुसार प्रीमियर लीगच्या खेळाडूंत काळे चाळीस टक्क्यांहून अधिक होते, आणि मॅनेजरच्या जागांवर पाच टक्केही नव्हते. शिपायांच्या बाकावर आपली माणसे किती आणि केबिनच्या दारावरच्या पाट्यांत किती, हे मोजायला आपल्याला मात्र अहवाल लागत नाही.

ह्यूटन यांना खुर्ची मिळाली ती घराला आग लागली तेव्हा. न्यूकॅसल युनायटेड हा उत्तर इंग्लंडातला बलाढ्य क्लब, पन्नास हजार माणसांचे मैदान असलेला. इंग्लंडात दर वर्षी वरच्या श्रेणीतले शेवटचे तीन संघ खाली ढकलले जातात. मे २००९ मध्ये न्यूकॅसल खाली गेला. मालकाने क्लब विकायला काढला. मोठे खेळाडू पांगले. मॅनेजर नाही. सरावाच्या एका सामन्यात खालच्या श्रेणीतल्या लेटन ओरिएंटने त्यांना ६-१ असे धुतले. सारा उन्हाळा जबाबदारी कुणाकडे? २००८ पासून तिथे प्रशिक्षक असलेल्या ह्यूटन यांच्याकडे, आणि तीही हंगामी! सामने जिंकत गेल्यावर ऑक्टोबर २००९ अखेर त्यांना कायम केले. तेव्हा त्यांचे वय पन्नास. त्या हंगामात न्यूकॅसल घरच्या मैदानावर एकदाही हरला नाही. १०२ गुण मिळवून त्या श्रेणीत पहिला आला आणि एका वर्षात पुन्हा वर गेला.

वर गेल्यावर काय झाले ते पाहा. ऑगस्ट २०१० मध्ये अ‍ॅस्टन व्हिलावर ६-०. ऑक्टोबरअखेर हाडवैरी संडरलँडवर ५-१. नोव्हेंबरात आर्सेनलला त्यांच्याच मैदानावर हरवले. मग दोन-चार निकाल उलटे गेले, आणि ६ डिसेंबर २०१० रोजी, संघ वीस संघांत अकरावा असताना, ह्यूटन यांना काढून टाकले. कारण क्लबने लेखी दिले : क्लबला पुढे नेण्यासाठी मॅनेजरपदाचा अधिक अनुभव असलेला माणूस हवा.

अनुभव! बंधू-भगिनींनो, हा शब्द आपल्या घरात किती वेळा आला आहे? अनुभव नाही म्हणून जागा नाही, आणि जागा नाही म्हणून अनुभव नाही. चौदा वर्षे प्रशिक्षक म्हणून ठेवायचे, खुर्ची द्यायची नाही, दिली तर आगीत द्यायची, आणि आग विझली की विचारायचे, तुला अनुभव किती? त्यांच्या जागी आलेले अ‍ॅलन पार्ड्यू अनुभवी होते हे खरेच. त्यांनी चार क्लब सांभाळले होते, आणि दुसऱ्या वर्षी न्यूकॅसलला पाचव्या क्रमांकावरही नेले. पण आल्याआल्या त्यांना साडेपाच वर्षांचा करार मिळाला. प्रेक्षक चिडले, खेळाडू हळहळले. ह्यूटन मात्र वर्तमानपत्रांतून मालकाशी भांडले नाहीत. हा त्यांचा स्वभाव. काही लोक त्याला सज्जनपणा म्हणाले आणि त्याच दमात म्हणाले की मॅनेजर जरा कडक हवा. कडकपणा दाखवला असता तर 'उर्मट' म्हणाले असते, असे मला वाटते.

पुढची नोकरी बर्मिंगहॅमची, जून २०११ मध्ये. तिथेही आगच. संघ खाली गेलेला, मालक हाँगकाँगमध्ये पोलिसांच्या ताब्यात, तिजोरी रिकामी, खेळाडू विकायला काढलेले. त्या मोसमात संघाला तब्बल ६२ सामने खेळावे लागले. तरी तो चौथा आला आणि वर जाण्याच्या अगदी उंबऱ्यावर थांबला. मग जून २०१२ मध्ये नॉर्विच. पहिलाच लीग सामना ०-५ असा हरले, पण पुढे लागोपाठ दहा लीग सामने न हरता काढले, आर्सेनल आणि मँचेस्टर युनायटेड दोघांनाही नमवले, आणि वर्षअखेरीस अकरावे आले.

दुसऱ्या वर्षी मात्र गोल आटले. इथे त्यांच्या बाजूने डोळे मिटून लिहिणे बरे नव्हे. ह्यूटन यांचा संघ आधी घर राखणारा. फुलबॅकचा पिंड तो! गोल खाऊ नये याची काळजी इतकी की गोल करायला माणसे कमी पडत. मोठी रक्कम मोजून आणलेल्या आघाडीच्या खेळाडूने पहिल्या सामन्यात गोल केला आणि मग वर्षभर लीगमध्ये एकही केला नाही. प्रेक्षक कंटाळले, ही तक्रार खोटी नव्हती. ६ एप्रिल २०१४ रोजी, पाच सामने बाकी असताना, त्यांना काढले. संघ तेव्हा धोक्याच्या रेषेच्या पाच गुण वर होता. जागी कुणाला बसवले? क्लबच्या कुमार संघाच्या प्रशिक्षकाला. मोठा संघ सांभाळण्याचा त्या गृहस्थाला अनुभव शून्य! न्यूकॅसलने ज्याच्या नावाने ह्यूटन यांना घरी पाठवले, तो अनुभव नॉर्विचला अचानक नको झाला. पाच सामन्यांत चार हार, एक बरोबरी. नॉर्विच खाली गेला.

१९९७ साली ब्रायटन या समुद्राकाठच्या क्लबचे मैदान हातचे गेले. दोन वर्षे तो दूरच्या गावी उसन्या मैदानावर खेळला, मग २०११ पर्यंत धावपटूंच्या एका मैदानावर. पहिल्या श्रेणीत शेवटचे पाऊल १९८३ मध्ये. ३१ डिसेंबर २०१४ रोजी ह्यूटन तिथे गेले तेव्हा संघ दुसऱ्या श्रेणीच्या तळाजवळ होता. त्यांनी त्या वर्षी संघ वाचवला. पुढच्या वर्षी ८९ गुण मिळवले. मिडल्सबरोचेही ८९च. गोलांच्या फरकात अवघे दोन कमी पडले म्हणून वर जाणे हुकले, आणि नंतरच्या बाद सामन्यांतही हार झाली. असा घास ओठाशी येऊन पडला की माणसे खचतात. ह्यूटन यांनी तोच संघ घेऊन पुन्हा सुरुवात केली आणि १७ एप्रिल २०१७ रोजी विगनला २-१ असे हरवून चौतीस वर्षांनी ब्रायटनला पहिल्या श्रेणीत नेले. खेळ संपताच माणसे मैदानावर उतरली. दोन वर्षे त्यांनी संघ वर टिकवला, आधी पंधरावा, मग सतरावा. दुसऱ्या वर्षी एफ. ए. कपच्या उपांत्य सामन्यापर्यंत गेले. १३ मे २०१९ रोजी, हंगाम संपल्याच्या दुसऱ्याच दिवशी, त्यांना काढण्यात आले. संघ घसरणीपासून दोनच गुण वर होता आणि खेळ रूक्ष झाला होता, हे मान्य. त्यानंतर ब्रायटनची प्रगती झाली, हेही मान्य. पण वर टिकलेल्या संघाची पुढली वाट ज्या जिन्यावरून निघाली, तो जिना कुणी बांधला?

अमेरिकेत त्यांच्या फुटबॉलच्या व्यावसायिक लीगने २००३ साली एक नियम केला. मुख्य प्रशिक्षकाची जागा रिकामी झाली तर निदान एका अल्पसंख्य उमेदवाराला मुलाखतीला बोलावलेच पाहिजे. जागा राखीव नाही, फक्त मुलाखत. एवढ्यावरही तिकडे गुणवत्ता बुडाली म्हणून ओरडणारे निघालेच. इंग्लंडच्या खालच्या तीन श्रेणींनी २०१६ मध्ये काही क्लबांत असाच प्रयोग सुरू केला. सर्वांत वरच्या प्रीमियर लीगमध्ये मात्र तो तेव्हा नव्हता. प्रशिक्षकाची मोठी पदवी मिळवायला पैसा लागतो, कित्येक महिने लागतात. शेवटी बोलावणारच नाहीत तर परीक्षा कशाला द्यायची, असे म्हणून कित्येक काळे खेळाडू त्या वर्गाकडे फिरकलेच नाहीत. मग क्लबवाले म्हणणार, अर्जच येत नाहीत हो!

ह्यूटन यांनी परीक्षाही दिल्या आणि अर्जही केले. २०२० मध्ये नॉटिंगहॅम फॉरेस्ट या जुन्या क्लबने बोलावले. तिथे जम बसला नाही, सप्टेंबर २०२१ मध्ये संपले. २०२२ मध्ये घानाच्या राष्ट्रीय संघाने त्यांना सल्लागार म्हणून घेतले आणि २०२३ मध्ये मुख्य प्रशिक्षक केले. आईच्या देशाची जर्सी विशीत अंगावर चढली होती. बापाच्या देशाचा संघ चौसष्टाव्या वर्षी हाती आला. जानेवारी २०२४ मध्ये आफ्रिका खंडाची स्पर्धा आयव्हरी कोस्टमध्ये झाली. पहिला सामना केप व्हर्डेशी, जादा मिनिटांत गोल खाऊन हरले. इजिप्तशी २-२. शेवटचा मोझांबिकशी. नव्वद मिनिटे झाली तेव्हा घाना २-० असा पुढे होता. मग एक पेनल्टी गेली, तीन मिनिटांत डोक्याने मारलेला दुसरा गोल गेला. आयुष्यभर बचाव शिकवलेल्या माणसासमोर हे घडले. दुसऱ्या दिवशी घानाने त्यांना पदावरून दूर केले. न्यूकॅसलनंतरचा हा त्यांचा पाचवा संघ होता.